राक्षस, हसा!

मी एक जुना राक्षस आहे, आणि मित्रांनो, मी वाचलो.

आता हे वाक्य तुम्ही वाचलंच नाही असं समजा. पुढे एका दगडाच्या खाणीत मला सुरुंग लावून उडवायचं ठरतं, आणि त्या वेळी तुम्हाला माझी काळजी वाटायला हवी. ‘हा काय, वाचणारच आहे’ असं म्हणून तुम्ही जांभई दिलीत तर माझ्या सगळ्या आयुष्यावर पाणी पडेल. तेव्हा मी वाचलो की नाही हे अजून कोणालाच ठाऊक नाही. मलासुद्धा नाही. चला, सुरुवात करू.

मी एक जुना राक्षस आहे. माझा जन्म टोकियोच्या पश्चिमेला, एका स्टुडिओच्या मागच्या पत्र्याच्या कारखान्यात झाला. तुम्ही लहान जन्मलात आणि मोठे झालात. माझं तसं नाही. मी जन्मतःच दारात अडकेल एवढा उंच होतो आणि माझी शेपटी दुसऱ्या खोलीत वाळत होती. उराबेबाईंनी मला घडवलं. त्यांनी आधी कापडाचा अंगरखा शिवला, त्यावर स्पंजाचे तुकडे चिकटवले, त्यावर पातळ रबराचे थरावर थर दिले आणि मग मला रंगवलं. डोळ्यांत दिवे बसवले. आत शिरणाऱ्या माणसाला बाहेरचं दिसावं म्हणून गळ्याला बारीक भोकं पाडली. म्हणजे मी डोळ्यांनी पाहतो असं लोकांना वाटे. प्रत्यक्षात मी गळ्याने पाहत असे. माझ्या पाठीत, काट्यांच्या आड, एक चेन होती. हे गुपित सगळ्या जपानला माहीत होतं आणि सगळ्या जपानने ते इमानाने पाळलं.

आमच्या मालिकेचं नाव ‘उल्कावीर’. दर शुक्रवारी संध्याकाळी एक राक्षस यायचा, शहर मोडायचा, मग उल्कावीर यायचा, राक्षसाला बडवायचा आणि शेवटी हात पुढे करून त्याचा स्फोट करायचा. बरोबर जेवणाच्या वेळेला मी मरत असे. मात्र स्फोट माझा व्हायचा नाही. माझ्यासारखाच दिसणारा कागदाचा एक पोकळ बाहुला असायचा, तो बिचारा उडायचा. मी मागे खुर्चीवर सुकत बसलेला असायचो.

इसोगाई आणि मी एकाच आठवड्यात कामाला लागलो. पुढे तो मोठा दिग्दर्शक झाला, लोक त्याला वाकून नमस्कार करू लागले. पण मी त्याला एकेरीच म्हणणार, कारण त्याची पहिली नोकरी माझी शेपटी धरण्याची होती. त्याला खरं तर वेगळेच सिनेमे काढायचे होते. त्यात एक कुटुंब चहा पिणार होतं आणि शेवटपर्यंत कोणी काही बोलणार नव्हतं.

“काय रे, शेपटी नीट धर,” उराबेबाई त्याला म्हणायच्या. “एवढा शिकलास, त्याचा काहीतरी उपयोग होऊ दे.”

“बाई, मी फ्रेंच सिनेमाचा अभ्यास केलाय.”

“मग फ्रेंच लोकांसारखी धर. पण धर.”

त्याने धरली. मग कॅमेऱ्यासमोर पाटी वाजवली, मग सहायक झाला, आणि एका दिग्दर्शकाला गालगुंड झाल्यामुळे एक दिवस तो स्वतःच दिग्दर्शक झाला. त्या दिवसापासून उराबेबाई त्याला ‘अहो साहेब’ म्हणू लागल्या, आणि ते ऐकायला ‘काय रे’पेक्षा वाईट वाटायचं.

मित्रांनो, त्या पहिल्या दिवशी इसोगाईने काय केलं माहीत आहे? तो सरळ चिखलात पालथा पडला आणि कॅमेरामनलाही शेजारी पाडलं. “खालून बघितलं की सगळंच मोठं दिसतं,” तो म्हणाला. “हेडमास्तर, सासरा, राक्षस, सगळे.” खरंच, त्या भागात मी डोंगराएवढा दिसलो. पुढे सगळी वर्षं तो असाच जमिनीवर पालथा पडून काम करत राहिला. त्याच्या बायकोला, फुसाएवहिनींना, शर्ट धुताना सगळं कळायचं. पुढून मळला असेल तर आज राक्षस होता. मागून घामाने भिजला असेल तर आज निर्माता होता.

माझी कारकीर्दही जोरात चालली होती. आधी मी चिखलातला दोरोगाबा होतो. तो मेल्यावर उराबेबाईंनी मला शिंगं लावली, मी त्सुनोगाबा झालो. मग शिंगं उपटून अंगभर कापूस चिकटवला, मी बर्फातला युकिगाबा झालो. असं आमच्याकडे चालतंच. नवा राक्षस बनवण्यापेक्षा जुन्याला टोपी घालणं सोपं. पण मुलांची नजर बारीक असते. एका मुलाने विचारलं की युकिगाबाच्या गुडघ्याला दोरोगाबाचं ठिगळ कसं काय? इसोगाईने ते फार मनाला लावून घेतलं. पुढच्याच भागात शास्त्रज्ञाच्या तोंडी वाक्य आलं: हे दोघे सख्खे भाऊ होते आणि त्यांच्या घराण्यात गुडघा फाटकाच असतो. त्या भागात मी माझ्या स्वतःच्या खुनाचा बदला घ्यायला आलो होतो. जमलं नाही.

कौतुकही खूप झालं. सुट्टीच्या दिवशी मोठ्या दुकानांच्या गच्चीवर आमचा खेळ असायचा. मुलं आधी मला लाथा मारायची आणि मग मिठी मारायची. एका मुलीने माझ्या तोंडात कॅरमेल ठेवलं. तिची भावना चांगली होती. त्यानंतर कितीतरी दिवस माझ्या जबड्यात मुंग्यांची वसाहत होती. आमच्या मालिकेविषयी त्यांनी कधीही वाईट शब्द काढला नाही.

पण दिवस सारखे राहत नाहीत. तेल महागलं, तेलाबरोबर रबर महागलं, आणि मुलं दुसऱ्या वाहिनीवरची रंगीत चित्रं बघू लागली. मी भांडारात जास्त वेळ टांगलेला राहू लागलो. माझ्या कोपराला भेगा पडल्या. कोणी तिकडे बघितलं नाही. मला टांगलेल्या खुंटीवर आता छत्र्याही लटकू लागल्या.

आमचे निर्माते हातानाकासाहेब गोल आणि सज्जन होते. वाईट बातमी सांगण्याआधी ते पोटाच्या औषधाची पुडी तोंडात टाकायचे. एके दुपारी स्टुडिओच्या खानावळीत, इसोगाई शेवया ओढत असताना, ते समोर येऊन बसले. मी शेजारच्या बाकावर पाठीची चेन उघडी टाकून सुकत होतो. त्यांनी पुडी काढली.

“साहेब, आधी मला खाऊ द्या,” इसोगाई म्हणाला.

“खा, खा. पुढच्या शुक्रवारचा भाग शेवटचा.”

“या महिन्यातला?”

“उल्कावीरचा. वरून हुकूम आलाय.” त्यांनी पाणी प्यायलं. “आणि ऐक, कागदाचा बाहुला बनवायला आता कारागीर मिळायचा नाही. हाच उडवा.” त्यांनी माझ्याकडे बोट केलं. “नाहीतरी याच्यात राक्षस कमी आणि ठिगळं जास्त आहेत.”

इसोगाईच्या शेवया वाटीत परत घसरल्या. “आणि मी?”

“तू त्यानंतरच्या सोमवारपासून स्वयंपाकाच्या कार्यक्रमात. पहिल्या महिन्यात मुळ्याचे पदार्थ.”

“साहेब, मुळा हलत नाही.”

“मग तर सोपंच की!” हातानाकासाहेबांनी आवाज खाली आणला. “हे बघ, मी तुझ्या बाजूचा आहे. शेवट असा कर की वरच्या मंडळींचं काळीज हललं पाहिजे. तरच मी वर तोंड उघडू शकेन. नेहमीसारखा नुसता धडामधुडूम केलास, तर तू आणि मुळा.”

मित्रांनो, आता करायची असेल तर काळजी करा. माझा जीव आणि इसोगाईची नोकरी, दोन्ही एकाच भागावर टांगलेली होती. आणि संहितेत शेवटच्या पानावर एकच ओळ होती: ‘राक्षसाचा स्फोट होतो.’

चित्रीकरणाच्या आदल्या दिवशी उराबेबाई माझ्या गुडघ्याला नवं ठिगळ लावत बसल्या होत्या. इसोगाई दारात उभा राहिला.

“बाई, उद्या उडणाऱ्याचा गुडघा शिवताय?”

“उडताना फाटका दिसायला नको,” त्या म्हणाल्या. “माझं नाव जातं. आणि तुम्ही तिथे का उभे, अहो साहेब? घरी जा, मुळा सोलायला शिका.” पण सुईत दोरा ओवायला त्यांना तीन खेपा लागल्या. एरवी एकच लागायची.

आता मोमोसेविषयी सांगायला हवं. माझ्या आत वर्षानुवर्षं शिरणाऱ्या माणसाची पाठ धरली होती, म्हणून त्या शेवटच्या कामासाठी मोमोसे आला. तो मुलींच्या शाळेत कवायतीचा शिक्षक होता. चौकोनी, दणकट आणि कमालीचा आज्ञाधारक. कोणी ‘जरा थांबा’ म्हटलं की तो हात बाजूला ताठ ठेवून थांबायचा. चित्रीकरण त्याने जन्मात पाहिलं नव्हतं. त्यामुळे उराबेबाईंनी त्याला जुजबी शिकवणी दिली. “हे बघा, इथे भर दुपारी भेटलं तरी ‘सुप्रभात’ म्हणायचं. आत शिरण्याआधी लघवीला जाऊन यायचं. आणि साहेब सांगतील ते करायचं.”

एक गोष्ट सांगायची राहिली. आमच्या धंद्यात एखादी वस्तू कॅमेऱ्यासमोरून हटवायची असेल तर ‘हटवा’ म्हणत नाहीत. ‘हसा’ म्हणतात. का म्हणतात कोणाला ठाऊक नाही. विचारलं तर प्रत्येक जण वेगळं आणि ठामपणे सांगतो. “खुर्ची, हसा!” असा आवाज आला की दोघे धावतात आणि खुर्ची उचलून नेतात. “डोंगर, हसा!” म्हटलं की डोंगर जातो. आम्हाला त्यात काहीच वावगं वाटत नाही, म्हणूनच मोमोसेला ते सांगावं असं कोणाच्या मनातही आलं नाही.

खाणीत थंडगार वारा होता. सुरुंगवाल्यांनी सकाळपासून जमिनीत दारू पुरून तिच्या वायरी मातीखालून एका पेटीपर्यंत नेल्या होत्या. पेटीची किल्ली सुरुंगवाल्यांच्या म्होरक्याच्या गळ्यात. बेत असा होता: मोमोसेने माझ्या आत शिरून शेवटचा आवेश दाखवायचा. मग मला बाजूला नेऊन त्याला बाहेर काढायचं, माझ्यात पेंढा भरायचा, मला परत मधोमध उभं करायचं, आणि किल्ली फिरवायची.

मोमोसेने आवेश दाखवला. हात वर, जबडा उघडा. झकास. पण सूर्य डोंगराच्या कडेला टेकला होता आणि इसोगाईला घाई झाली. तो चिखलात पालथा पडलेलाच होता. एरवी तो आधी ‘कट’ म्हणायचा. त्या दिवशी विसरला आणि थेट ओरडला, “राक्षस, हसा!”

दोघे मदतनीस मला उचलायला निघाले. पण ते पोचायच्या आत मोमोसेने हुकूम ऐकला होता. साहेब सांगतील ते करायचं.

तो हसला.

मित्रांनो, कवायतीच्या शिक्षकाचं हसणं साधं नसतं. आधी माझे खांदे उडू लागले. मग पोट. मग त्याने माझे दोन्ही पंजे पोटावर धरले, मान खाली घातली, पुन्हा वर फेकली, गुडघ्यांवर बसला आणि शेपटी जमिनीवर आपटत राहिला. आतून दबलेला आवाज येत होता, “हा! हा! हा!”, ठेक्यात, एक-दोन-एक-दोन. मदतनीस जागच्या जागी थिजले. आणि कॅमेरामन फार शिस्तीचा माणूस. त्याला कोणी ‘कट’ म्हटलंच नव्हतं, म्हणून तो आतली फिल्म संपेपर्यंत कॅमेरा चालवत राहिला.

“कोण हसायला सांगतंय त्याला?” इसोगाई किंचाळला.

“तुम्हीच, साहेब,” कॅमेरामन म्हणाला.

शेपटीने तोवर आपलं काम केलं होतं. मातीखालच्या वायरी उपटून त्यांचा शेवयांसारखा गुंता झाला होता. म्होरक्याने गळ्यातली किल्ली घट्ट धरून ठेवली आणि गुंत्याकडे पाहिलं. “हे परत पुरायला उद्या उजाडेल.”

“मग उद्या करू.”

“उद्या खाण मिळायची नाही, साहेब. उद्या इथे खरे स्फोट आहेत.”

माझी चेन उघडून मोमोसेला बाहेर काढलं तेव्हा त्याच्या अंगातून वाफा निघत होत्या. तो हात बाजूला ताठ ठेवून उभा राहिला. “साहेब, कमी पडलं का? आणखी हसू शकतो.”

इसोगाई चिखलात बसून राहिला. उराबेबाईंनी त्याला भाताचा एक गोळा दिला. त्यात मधोमध खारट आलुबुखार होता. त्याने तो यंत्रासारखा खाल्ला आणि म्हणाला, “मुळ्याचं लोणचं सोपं असतं का हो, बाई?”

दोन दिवसांनी स्टुडिओच्या छोट्या अंधाऱ्या खोलीत सगळे जमले. धुऊन आलेली फिल्म बघायची होती. दुरुस्तीला न्यायचं म्हणून उराबेबाईंनी मला ओढत आणून दाराशी टेकवलं होतं, म्हणून मी हे सगळं गळ्याने पाहिलं.

राक्षस जड वाटावा म्हणून टिपताना कॅमेऱ्यातली फिल्म फार वेगात पळवतात. मग ती नेहमीच्या वेगाने दाखवली की पडद्यावर सगळं सावकाश होतं. माझं एक पाऊल पडायला आख्खा श्वास लागतो. हे आम्हाला सगळ्यांना ठाऊक होतं. आणि तरी पुढे काय दिसणार, हे एकाच्याही डोक्यात आलं नव्हतं.

पडद्यावर मी उभा होतो. हळूहळू माझे खांदे थरथरले. पंजे पोटाशी गेले. मान जड होऊन खाली आली, मोठ्या कष्टाने वर आकाशाकडे गेली, पुन्हा खाली. गुडघे टेकले. शेपटी एकदा उचलली गेली आणि कोसळली. मागे सूर्य बुडत होता. आवाज नव्हता, कारण आमच्याकडे आवाज नंतर भरतात.

अंधारातून हातानाकासाहेबांचा आवाज आला. “हा... हा रडतोय रे.”

इसोगाईने तोंड उघडलं. तो सरळ माणूस, खरं सांगणार होता. पण उराबेबाईंनी अंधारात त्याच्या पायावर पाय दिला, आणि त्या चपला लाकडी होत्या.

“आई गं,” इसोगाई म्हणाला.

“बरोबर,” हातानाकासाहेब डोळे पुसत म्हणाले. “मलाही तसंच वाटलं. त्याला आईची आठवण येतेय. आता याला कोण मारणार? मी तर नाही मारणार. तू मारशील?”

“नाही, साहेब,” इसोगाई पाय चोळत म्हणाला. “मी कशाला मारतोय!”

मोमोसे मागच्या रांगेत हुंदके देत होता. “मी एवढं छान रडलो?” तो शेजाऱ्याला विचारत होता.

शेवट बदलला. दुसऱ्या दिवशी उल्कावीराचा पुढे केलेला हात स्टुडिओतच सावकाश खाली येताना टिपला. मग मी निघून जातोय असं दृश्य हवं होतं, आणि खाण तर मिळणार नव्हती. तेव्हा इसोगाईने मी खाणीत शिरतानाची फिल्म घेतली आणि उलटी फिरवली. त्यामुळे मी प्रेक्षकांना पाठ न दाखवता, तोंड त्यांच्याकडे ठेवून, मागे मागे चालत डोंगराआड गेलो. शुक्रवारी ते घराघरांत दिसलं आणि लोक म्हणाले, किती शालीन राक्षस! आजकालच्या पाहुण्यांनाही एवढी रीत राहिलेली नाही.

वरच्या मंडळींचं काळीज हललं. शनिवारी हातानाकासाहेब धावत आले. त्यांच्या हातात पुडी नव्हती. मालिका चालू राहणार होती. इसोगाई राहणार होता. मुळा दुसऱ्या कोणाला तरी देण्यात आला. इसोगाई खानावळीतल्या बाकावर, माझ्या शेजारी, हळूच बसला आणि त्याने एवढा मोठा श्वास सोडला की त्याच्या समोरच्या शेवया निवल्या. मग त्याने माझ्या गुडघ्यावरच्या नव्या ठिगळावर हात ठेवला आणि तसाच झोपी गेला.

मी वाचलो, मित्रांनो. तुम्हाला हे आत्ताच कळतंय, आणि तुमचा चेहरा बघून मला फार बरं वाटलं.

पुढे इसोगाईचं नाव झालं. ‘राक्षसाला रडवणारा दिग्दर्शक’ म्हणून दुसऱ्या मालिकावालेही त्याला बोलवू लागले. त्याने रडणारा ऑक्टोपस काढला, रडणारा धूमकेतू काढला, एकदा तर रडणारा कारखाना काढला. नवे दिग्दर्शक त्याला गाठून विचारायचे, “साहेब, यामागचं रहस्य काय?” तेव्हा उराबेबाई जवळ नसायच्या, म्हणून तो खरं सांगायचा. “राक्षसाला हसायला सांगा.” ते डोळे मिटून मान हलवायचे. केवढा गहन विचार, म्हणायचे. एकानेही तसं करून पाहिलं नाही.

आता इसोगाई म्हातारा झाला आहे. स्टुडिओचं भांडार पाडलं तेव्हा त्याने मला घरी आणलं. फुसाएवहिनी पहिल्यांदा म्हणाल्या, “एवढं मोठं ठेवायचं कुठे?” दुसऱ्या दिवशी त्यांनीच माझ्या कोपराला पावडर चोळली. मी व्हरांड्यात सावलीत बसतो. नव्या वर्षाला मोमोसे येतो, सूर्य कुठेही असला तरी हात बाजूला ताठ ठेवून मला ‘सुप्रभात’ म्हणतो, आणि मग दोघे म्हातारे खाणीतली आठवण काढून गुडघ्यांवर थापा मारत हसतात.

मित्रांनो, तुमच्या घरातही कुठेतरी एखादी जुनी वस्तू खुंटीवर टांगलेली असेल. तिच्यावर छत्र्या लटकवू नका. रबराला उन्हात भेगा पडतात, दमट हवेत ते चिकट होतं, आणि कोणी हातच लावला नाही तर ते आपणहून ताठ होतं. अधूनमधून तिला उचला, पुसा, तिची विचारपूस करा. आणि एखादा मोठा प्राणी मान खाली घालून थरथरताना दिसला तर लगेच दया दाखवू नका. आधी जवळ जाऊन नीट ऐका. कदाचित त्याचं मस्त चाललेलं असेल. माझं चाललं होतं. उडवायला आणलेल्या जागी गुडघे टेकून मी आयुष्यात पहिल्यांदाच पोटभर हसत होतो, आणि सगळा देश माझ्यासाठी रडला.

तरी शुक्रवार सायंकाळ कार्यक्रम विभागाच्या माननीय प्रमुखांस नम्र विनंती करण्यात येते की, दगडखाणीतील सदर दृश्य एकवार योग्य वेगाने पुनःप्रक्षेपित करण्यात यावे. अर्जदार राक्षसाचे रडणे रीतसर रद्द करून त्या जागी हसणे नोंदवण्यात यावे. आणि त्या प्रसंगी देशभरातील ज्या मुलामुलींनी अश्रू ढाळले, त्यांना ते सन्मानपूर्वक परत करण्यात यावेत.